गोष्ट लेखकाची, वेळ फ्रिजवाल्याची

सिरीजचा शेवटचा भाग संपतो, नामावली वर सरकायला लागते आणि कथा-पटकथा कुणाची हे वाचायच्या आत पडद्यावर पुढच्या सिरीजची जाहिरात येते. लेखकाचं नाव बघायचं राहून जातं. २०२३ मध्ये अमेरिकेतल्या पटकथालेखकांनी १४८ दिवस संप केला, तेव्हा आपल्याकडेही अनेकांनी विचारलं होतं, "लिहिण्याचे पैसे एकदा मिळाले ना, मग हे लोक पुन्हा पुन्हा कसले मागतात?" आता एआय पटकथा लिहून देतं अशा बातम्या यायला लागल्यापासून प्रश्न एक पाऊल पुढे गेलाय, "लेखक लागतोच कशाला?"

दोन्हींची उत्तरं थेट ओटीटीपासून शोधायला गेलं तर माणूस करारांच्या भाषेत गुरफटतो. त्यापेक्षा सत्तर वर्षं मागे जाऊ, न्यूयॉर्कला. टीव्ही नुकता घराघरांत शिरत होता आणि त्याच्यासाठी लिहायचं म्हणजे काय, हे अजून कुणालाच पक्कं ठाऊक नव्हतं. तिथला एक लेखक आपण सोबत घेऊ, रेजिनाल्ड रोझ. नाव ओळखीचं वाटणार नाही. पण 'एक रुका हुआ फैसला' पाहिला असेल तर त्याची गोष्ट तुम्हाला माहीत आहे. बासू चटर्जींचा १९८६ चा तो सिनेमा ज्या 'ट्वेल्व्ह अँग्री मेन'वरून आला, तो रोझचा. आणि तोही मुळात सिनेमा नव्हता. टीव्हीसाठी लिहिलेलं, जेमतेम पन्नास मिनिटांचं नाटक होतं ते.

दर सोमवारी एकांकिका स्पर्धा

रोझचा जन्म १० डिसेंबर १९२० चा, मॅनहॅटनमधला. दुसऱ्या महायुद्धात सैन्यात चार वर्षं काढली, परत आल्यावर जाहिरात कंपनीत मजकूर लिहायची नोकरी धरली आणि नोकरी सांभाळून लिहीत राहिला. १९५१ मध्ये सीबीएस या वाहिनीने त्याचं पहिलं टीव्ही नाटक घेतलं. तो जाहिरातीतून आला होता हे लक्षात असू द्या, पुढे कामाला येईल.

त्या काळातलं टीव्ही नाटक लाइव्ह असायचं. स्टुडिओत नट बोलतायत आणि त्याच क्षणी लाखो घरांत ते दिसतंय. रीटेक नाही. कामाला येईल अशी व्हिडिओ टेप बाजारात आली १९५६ मध्ये. तोवर प्रयोगाची आठवण ठेवायची तर एकच मार्ग होता. टीव्हीच्या पडद्यासमोर फिल्मचा कॅमेरा लावायचा आणि पडद्यावर दिसतंय ते टिपायचं. या धुरकट प्रतीला किनेस्कोप म्हणत. हा शब्द शेवटी पुन्हा येईल.

कॉलेजात असताना एकांकिका स्पर्धेला उतरलेल्यांना ही परिस्थिती समजावून सांगायची गरज नाही. आमची एक एकांकिका एका स्पर्धेत तीन मिनिटांनी लांबली आणि परीक्षकांच्या कागदावरून नाव कटलं. दोन महिन्यांची तालीम त्या तीन मिनिटांत गेली. पुढच्या वर्षी लिहायला बसलो तेव्हा आपोआपच एक नेपथ्य, चार पात्रं आणि एका संध्याकाळची गोष्ट असंच सुचायला लागलं. लाइव्ह टीव्हीच्या लेखकांचं अगदी हेच झालं, फक्त त्यांची स्पर्धा दर आठवड्याला होती. 'स्टुडिओ वन' हा रोझचा मुख्य कार्यक्रम, सोमवारी रात्री दहाला. तासातून जाहिराती वजा केल्या की हातात उरायची पन्नासेक मिनिटं. नायक एका प्रसंगात विशीतला आणि लगेच पुढच्या प्रसंगात साठीचा दाखवायचा असेल, तर बिचाऱ्या नटाने कपडे आणि केस कधी बदलायचे? घोडे, लढाया, रेल्वे स्टेशनं तर सोडूनच द्या. उरलं काय? एखादी खोली आणि माणसांचे चेहरे. पडदा एवढासा, म्हणून चेहरा जवळून दाखवायचा, आणि चेहरा जवळून दाखवायचा म्हणून आतलं काही बदलत असलं पाहिजे. पॅडी चायेफ्स्की या दुसऱ्या टीव्ही लेखकाने १९५३ मध्ये 'मार्टी' लिहिलं, न्यूयॉर्कच्या ब्राँक्समधल्या लग्न न जमलेल्या खाटकाची गोष्ट. दोन वर्षांनी तिचा सिनेमा झाला आणि त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर मिळालं. पन्नास मिनिटांच्या अडचणीतून तयार झालेली शैली हॉलिवूडला जड गेली नाही.

तास कुणाच्या नावावर होता?

आज एका मालिकेत दहा जाहिराती लागतात आणि त्या दहांपैकी कुणालाही कथेशी देणंघेणं नसतं. तेव्हा तसं नव्हतं. अख्खा तास एक कंपनी घ्यायची. 'स्टुडिओ वन'चा तास वेस्टिंगहाउसचा होता, फ्रिज आणि धुलाई यंत्रं बनवणाऱ्या कंपनीचा. दोन अंकांच्या मध्ये बेटी फर्नेस नावाची नटी लाइव्हच येऊन फ्रिजचं दार उघडून दाखवायची.

लग्नाच्या कार्यालयाचं उदाहरण घ्या. वाहिनी म्हणजे कार्यालय. त्या दिवसाचं भाडं भरलेला यजमान म्हणजे प्रायोजक. मधे सगळं जमवून देणारी जाहिरात संस्था म्हणजे केटरर. लेखक आचारी. आचाऱ्याच्या हाताला कितीही चव असली तरी पाहुण्यांपैकी कुणाला वांगं चालत नाही म्हटल्यावर वांग्याची भाजी होत नाही. यजमान काही दुष्ट नसतो. एकही पाहुणा नाराज होऊन जाऊ नये, एवढीच त्याची काळजी असते. फ्रिज सगळ्यांनाच विकायचे असतात ना.

ही काळजी कुठवर जायची त्याचा एक पुरावा पुरेसा आहे. १९५९ मध्ये 'जजमेंट ॲट न्यूरेम्बर्ग' हे नाझींच्या न्यायाधीशांवरच्या खटल्याचं टीव्ही नाटक झालं. प्रायोजकांत स्वयंपाकाच्या गॅसवाल्यांची संघटना होती. छळछावण्यांतल्या गॅस चेंबरचा उल्लेख आला की नटाचे ओठ हलायचे आणि 'गॅस' हा शब्द तेवढा गायब व्हायचा. लाखो माणसं ज्याने मारली त्याचं नाव घ्यायचं नाही, कारण गॅसच्या शेगड्या विकायच्यात. इतक्या वर्षांनीही हे लिहिताना अंगावर काटा येतो.

शिवाय आणखी एक भीती होती, काळ्या यादीची. कम्युनिस्ट असल्याचा नुसता संशय असलेल्या कलाकारांची नावं १९५० मध्ये एका पुस्तिकेत छापली गेली, एकशे एक्कावन्न नावं. यादीत नाव आलं की काम बंद. खटला नाही, आरोपपत्र नाही, बाजू मांडायची संधी नाही.

सिकमोर स्ट्रीटवरचा बिनचेहऱ्याचा शेजारी

आता रोझच्या कारकिर्दीतला मला सगळ्यात मोलाचा वाटणारा प्रसंग. १९५१ च्या जुलैत शिकागोजवळच्या सिसेरो गावात एका काळ्या कुटुंबाने घर भाड्याने घेतलं. हजारोंचा गोरा जमाव इमारतीवर चालून गेला, शेवटी नॅशनल गार्ड या राखीव सैन्याला बोलवावं लागलं. रोझने त्यावरून 'थंडर ऑन सिकमोर स्ट्रीट' लिहायला घेतलं. सभ्य वस्ती, नवा शेजारी, त्याला हुसकावून लावायला निघालेले सज्जन लोक.

वरून उत्तर आलं, गोष्ट चांगली आहे, पण शेजारी काळा नको. दक्षिणेतल्या राज्यांतले प्रेक्षक बिथरतील. दुसरा कुणीही दाखवा.

रोझने शेजारी बदलला. त्याला तुरुंगातून सुटून आलेला माणूस केलं. पण मग त्याने एक गोष्ट केली, आणि इथे त्याची जाहिरातीतली वर्षं कामाला आली. समोरच्या टेबलावरची माणसं काय वाचतात आणि काय सोडून देतात हे त्याला ठाऊक होतं. शेजारी कोण आहे, लोक त्याच्यावर का उठलेत, हे त्याने जवळजवळ शेवटापर्यंत सांगितलंच नाही. घराघरांत लोक कुजबुजतायत, 'हे' लोक इथे नकोत म्हणतायत, आणि 'हे' म्हणजे कोण हे प्रेक्षकाला कळत नाही. मार्च १९५४ मध्ये ते प्रसारित झालं. टीव्हीसमोर बसलेल्या प्रत्येकाने ती रिकामी जागा आपल्या मनाने भरली. रोझने पुढे आपल्या सहा टीव्ही नाटकांचं पुस्तक काढलं, त्यात या बदलाची हकीकत त्याने स्वतःच मांडून ठेवली आहे.

कुणी म्हणेल, म्हणजे बंधनामुळे नाटक अधिकच चांगलं झालं की! अर्धं खरं आहे ते. तंत्र म्हणून बघितलं तर ती रिकामी जागा विलक्षण आहे. पण सिसेरोत जे कुटुंब खरोखर रस्त्यावर आलं, त्याला त्या रात्री पडद्यावर जागा मिळाली नाही, हेही तितकंच खरं. एकाचा आनंद मानताना दुसरं विसरता कामा नये. रॉड सर्लिंग या त्याच्या समकालीन लेखकाने एमेट टिल या चौदा वर्षांच्या काळ्या मुलाच्या हत्येवरून टीव्ही नाटक लिहिलं, तेव्हाही असंच झालं. मूळ घटना ओळखू येणार नाही इतकं ते बदललं गेलं. मग सर्लिंगने १९५९ मध्ये 'ट्वायलाइट झोन' ही अद्भुत कथांची मालिका सुरू केली. परग्रहावरच्या लोकांच्या तोंडून तेच म्हटलं तर कुणी अडवत नाही, हे त्याला उमगलं होतं. रोझ परग्रहावर गेला नाही. तो एका बंद खोलीत गेला.

बारा जण, आणि मुंबईचा नियम

१९५४ मध्येच रोझला न्यूयॉर्कच्या कोर्टात ज्यूरीवर बोलावणं आलं. सदोष मनुष्यवधाचा खटला होता. भिंतींना लाकूड मढवलेलं भव्य दालन, रुपेरी केसांचे न्यायाधीश, तो भारावून गेला. मग ज्यूरीच्या खोलीत आठ तास कडाक्याचं भांडण झालं. बाहेर पडताना त्याला आपलं पुढचं नाटक, 'ट्वेल्व्ह अँग्री मेन', सापडलं होतं.

ज्यूरी म्हणजे कायद्याचं शिक्षण नसलेले साधे नागरिक. पुरावा ऐकून आरोपी दोषी की नाही, एवढंच ते ठरवतात. शिक्षा आणि कायद्याचा अर्थ हा न्यायाधीशाचा प्रांत. न्यूयॉर्कच्या या खटल्यांत एक अट असते, बाराच्या बारा जणांचं एकमत झालं पाहिजे. अकरा विरुद्ध एक चालत नाही.

ही अट म्हणजे या गोष्टीचं इंजिन आहे. ते समजायला आपल्या मुंबईचंच उदाहरण बघा. १९५९ मध्ये नौदल अधिकारी कावस नानावटींचा खटला मुंबईत ज्यूरीसमोर चालला. नऊ जणांची ज्यूरी होती. आठ जण निर्दोष म्हणाले, एक जण दोषी. आपल्याकडे बहुमताने काम व्हायचं, त्यामुळे त्या एकट्याला कुणाचं मन वळवावं लागलं नाही आणि इतर आठांना त्याचं ऐकावंही लागलं नाही. निकाल आला. न्यायाधीशांना तो पटला नाही म्हणून त्यांनी प्रकरण हायकोर्टात पाठवलं आणि तिथे नानावटी दोषी ठरले, तो पुढचा भाग. आता रोझची बारा माणसं या नियमाने बसवून बघा. पहिलं मतदान, अकरा विरुद्ध एक, उठा आणि घरी चला. नाटक पाचव्या मिनिटाला संपलं असतं. एकमताची अट आहे म्हणून अकरा जणांना त्या एकाचं तोंड बघत बसावं लागतं, आणि बसावं लागतं म्हणून बोलावं लागतं.

आपल्याकडे नंतर ज्यूरी हळूहळू बंद होत गेली आणि १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत तिला जागाच उरली नाही. (पारशी विवाहांच्या दाव्यांत तिचा एक धागा अजून शिल्लक आहे.) म्हणजे 'एक रुका हुआ फैसला' आला तेव्हा भारतात अशी खोली कुठेच नव्हती. तरी पंकज कपूरचा तो संतापलेला बाप आणि के. के. रैनाचा शांत माणूस आपल्याला परके वाटले नाहीत. का, ते पुढच्या परिच्छेदात आहे असं मला वाटतं.

बापाच्या खुनाचा आळ असलेला आरोपी मुलगा कोण, कुठल्या समाजाचा, हे रोझ सांगत नाही. झोपडपट्टीत वाढलेला पोरगा, एवढंच. ज्यूरीतला एक जण चवताळून 'ही असली माणसं' म्हणत सुटतो, पण 'ही' म्हणजे कोण, याचा पत्ता नाही. सिकमोर स्ट्रीटची तीच रिकामी जागा! मार्चमध्ये जी नाइलाजाने शोधली, ती सप्टेंबरात त्याने आपण होऊन वापरली. म्हणून ती न्यूयॉर्कमध्ये एका अर्थाने भरली गेली, आणि मुंबईत दुसऱ्या. 'त्यांच्यातले सगळे तसलेच' हे वाक्य आपण कुठल्या जातीबद्दल, धर्माबद्दल, प्रांताबद्दल ऐकत मोठे झालो, ते ज्याचं त्याला माहीत.

पण चाकू आणणं कायद्यात बसतं का?

हा आक्षेप वकील मित्र हमखास घेतात, आणि बरोबर घेतात. प्रसंग आठवा. मुद्देमालातला चाकू टेबलात रोवलेला आहे. खटक्याचा, नक्षीदार मुठीचा. असा चाकू दुसरा नाहीच, म्हणून मुलगाच खुनी, असा सगळ्यांचा ठाम समज. ज्यूरीतला आठव्या नंबरचा माणूस खिशात हात घालतो, खटका वाजतो आणि पहिल्याच्या शेजारी तसाच दुसरा चाकू येऊन रुततो. आदल्या रात्री त्याने तो त्याच वस्तीतल्या दुकानातून विकत आणलाय. एकाही शब्दाशिवाय अकरा जणांची खात्री हलते.

खऱ्या कोर्टात हे उघड झालं तर खटला रद्द होऊ शकतो. कोर्टात मांडलेल्या पुराव्यावरच ज्यूरीने निर्णय द्यायचा असतो, स्वतः तपास करायचा नसतो. तो माणूस नियम मोडतो, यात वाद नाही. मग रोझने तसं का लिहिलं? त्याच्याकडे पन्नास मिनिटं होती, पुरावा दाखवायला दुसरी जागा नव्हती आणि 'शंका' ही गोष्ट हातात धरता येत नाही. चाकू धरता येतो. शिवाय तो मुलगा निर्दोष आहे असं नाटक शेवटपर्यंत म्हणत नाही. खून कुणी केला हे आपल्याला कधीच कळत नाही. वाजवी शंकेचा फायदा आरोपीला, या तत्त्वाचा अर्थ नेमका तेवढाच आहे, आणि कायद्याच्या कित्येक पुस्तकांपेक्षा तो इथे नीट कळतो.

२० सप्टेंबर १९५४ ला ते लाइव्ह झालं. त्याच वर्षी कम्युनिस्ट शोधून काढायच्या मोहिमेचा म्होरक्या सिनेटर मॅकार्थी याची चौकशी टीव्हीवरून देशाने पाहिली होती. संशयावरून माणसं उठवली जात असताना एक माणूस टेबलाशी बसून 'मला खात्री नाही, आपण बोलूया' म्हणतो. काळ्या यादीचं नावही न घेता रोझने तिच्यावर बोट ठेवलं, आणि मधल्या वेळेत फ्रिजचं दार उघडून मिटलं गेलं. लेखन, दिग्दर्शन आणि अभिनय असे टीव्हीचे तीन एमी पुरस्कार त्या तासाला मिळाले.

फुकट बघितलेलं तिकीट काढून कोण बघणार?

हॉलिवूडचा नट हेन्री फोंडा आणि रोझ यांनी मिळून त्याचा सिनेमा काढला, १९५७ मध्ये. दोघंही निर्माते. दिग्दर्शनाला सिडनी ल्यूमेट, टीव्हीत मुरलेला, पण सिनेमा पहिलाच. खर्च सुमारे साडेतीन लाख डॉलर, दोन आठवडे तालीम आणि तीन आठवड्यांच्या आसपास चित्रीकरण. पन्नास मिनिटांची शहाण्णव झाली, पण खोली तीच राहिली. ल्यूमेटने सुरुवातीला कॅमेरा डोळ्यांच्या पातळीच्या वर ठेवला, मग डोळ्यांच्या रेषेत आणला आणि शेवटच्या भागात खाली नेला. हळूहळू छत दिसायला लागतं, भिंती जवळ आल्यासारख्या वाटतात. आपल्याला का गुदमरतंय ते बघताना कळत नाही.

तिकीट काढून फार लोक आले नाहीत. सिनेमा तेव्हा चालला नाही. ऑस्करसाठी तीन नामांकनं होती, तिन्ही 'ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय'ने नेली. त्यातली पटकथेची हकीकत सांगितल्याशिवाय राहवत नाही. 'क्वाय'च्या पटकथेचं ऑस्कर पिएर बूल या फ्रेंच कादंबरीकाराला दिलं गेलं, ज्याने ती इंग्रजी पटकथा लिहिलीच नव्हती. लिहिली होती कार्ल फोरमन आणि मायकेल विल्सन यांनी, आणि दोघंही काळ्या यादीत होते. त्यांना ते ऑस्कर दिलं गेलं १९८४ मध्ये. तोवर दोघंही वारले होते. शंका घ्यायला शिकवणारी पटकथा ज्या पटकथेकडून हरली, तिच्या लेखकांना संशयापायी नावच लावता येत नव्हतं.

मग एकदा पैसे दिले, ते पुरे का नाहीत?

आता सुरुवातीच्या प्रश्नाकडे. लाइव्ह नाटक एकदा व्हायचं आणि संपायचं, त्यामुळे एकदाच पैसे हे तेव्हा फारसं खटकत नव्हतं. उलट न्यूयॉर्कच्या टीव्ही लेखकांना बऱ्याचदा नाटककारासारखं वागवलं जायचं. प्रसारणाचा हक्क ते देत आणि सिनेमा, रंगभूमी, पुस्तक यांचे हक्क पुष्कळांकडे राहत. म्हणूनच रोझ स्वतःच्या गोष्टीचा निर्माता होऊ शकला. हॉलिवूडच्या स्टुडिओत चाल वेगळी होती. तिथे लेखक पगारी, आणि कायद्याच्या नजरेत लिखाणाचा जनक स्टुडिओ.

पन्नासच्या दशकाच्या शेवटी टीव्ही नाटक न्यूयॉर्कमधून उठून हॉलिवूडला गेलं आणि फिल्मवर चित्रित व्हायला लागलं. फिल्म पुन्हा दाखवता येते, परदेशात विकता येते. लोणच्याची बरणी एकदा विकली की विषय संपतो, पण घर भाड्याने दिलं की दर महिन्याला भाडं येतं. चित्रित मालिका घरासारखी झाली, आणि लेखकाचा मोबदला लोणच्यासारखाच राहिला. पुनःप्रसारणाच्या उत्पन्नातला लेखकाचा वाटा म्हणजे रेसिड्युअल. त्यासाठी १९६० मध्ये लेखक जवळपास पाच महिने संपावर गेले. टीव्हीवर दाखवल्या जाणाऱ्या सिनेमांच्या पैशांतला वाटा, निवृत्तिवेतन आणि आरोग्य निधी ही त्यातून झालेली कमाई. २०२३ चा भांडणाचा मुद्दा वंशाने हाच होता. ओटीटीवर घर कायमचं भाड्याने आहे, पण किती जण राहून गेले ते मालक सांगायलाच तयार नव्हता. एआयबद्दलही तिथे ठरलं, यंत्राला लेखक म्हणून श्रेय नाही आणि यंत्राचा मजकूर दाखवून माणसाचं मानधन कापायचं नाही.

आपल्याकडे २०१२ मध्ये कॉपीराइट कायदा बदलला. जावेद अख्तरांनी त्यासाठी राज्यसभेत आणि बाहेर जिवाचं रान केलं. चित्रपटगृहाबाहेरच्या वापरातून येणाऱ्या रॉयल्टीत लेखक-गीतकारांचा समान वाटा या बदलाने मान्य झाला, आणि तो सही करून सोडून देता येणार नाही असंही ठरलं. कायद्यात आलं म्हणजे हातात आलं असं नाही, मालिका लिहिणाऱ्या कुणालाही विचारा.

अख्खा तास घेणारा यजमान गेला तेव्हा

साठच्या दशकात कार्यालयाची खाणावळ झाली. अख्खा तास एकाने घेण्याऐवजी अनेक कंपन्या मिनिटांच्या हिशेबाने जाहिराती घेऊ लागल्या. एक मेंबर रागावून गेला तरी चूल विझत नाही, हा त्याचा फायदा. रोझने तो पुरेपूर वापरला. बापलेक वकिलांची 'द डिफेंडर्स' ही त्याची मालिका १९६१ पासून चार वर्षं चालली. एप्रिल १९६२ मध्ये तिने गर्भपात करणाऱ्या डॉक्टरचा खटला दाखवला, तेव्हा गर्भपात बेकायदा होता. तीन नेहमीचे जाहिरातदार बाहेर पडले. घड्याळाचे पट्टे बनवणाऱ्या एका कंपनीने ती जागा घेतली आणि भाग दाखवला गेला. आठ वर्षांपूर्वी एक काळा शेजारी दाखवता आला नव्हता. १९६४ मध्ये तर मालिकेने काळ्या यादीवरच भाग केला, तो अर्नेस्ट किनॉयने लिहिला.

एवढा मोठा लेखक, मग मारधाडपट का?

कारण पोट असतं, आणि ज्या प्रकारचं काम त्याला येत होतं त्याचा बाजार उठला होता. सत्तरच्या दशकाच्या शेवटी रोझ 'द वाइल्ड गीज'सारखे साहसपट लिहिताना दिसतो. त्यातला एक आपल्या अंगणातला आहे. मार्च १९४३ मध्ये कलकत्ता लाइट हॉर्स या हौशी पलटणीतल्या उताराला लागलेल्या इंग्रज मंडळींनी समुद्रमार्गे येऊन गोव्याच्या मुरगाव बंदरातल्या 'एरेनफेल्स' या जर्मन जहाजावर छापा घातला. गोवा पोर्तुगीजांचा, म्हणजे तटस्थ, म्हणून तीसेक वर्षं यावर कुणी ब्र काढला नाही. 'द सी वुल्व्हज' हा १९८० चा सिनेमा त्यावरचा, ग्रेगरी पेक आणि रॉजर मूर यांचा, गोव्यात चित्रित झालेला. मला तो रोझच्या चांगल्या कामात धरता येत नाही. गोवा त्यात सुंदर दिसतो आणि गोंयकार जवळपास दिसतच नाही. पण १९८७ मध्ये त्याने सोबिबोरच्या छळछावणीतून पळालेल्या कैद्यांवर टीव्हीसाठी लिहिलं, तेव्हा हात पुन्हा जागेवर आलेला जाणवतो. त्या छावणीत गॅस चेंबर होते, आणि आता ते म्हणायला कुणाची आडकाठी नव्हती.

१९ एप्रिल २००२ ला रोझ गेला. तोपर्यंत 'ट्वेल्व्ह अँग्री मेन'च्या मूळ लाइव्ह प्रयोगाचा फक्त पहिला अर्धा भाग संग्रहालयात होता, उरलेला हरवला असंच सगळे धरून चालले होते. २००३ मध्ये पूर्ण किनेस्कोप मिळाला. तो निघाला सॅम्युअल लीबोविट्झ या दिवंगत वकिलाच्या घरात. १९३५ मध्ये अलाबामातल्या नऊ काळ्या मुलांच्या खटल्यात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयापुढे उभे राहून काळ्यांना ज्यूरीच्या यादीबाहेर ठेवता येणार नाही, हे मान्य करून घेणारा वकील तो हाच. यादीत काळ्यांची नावं मागाहून घुसडली आहेत, हे न्यायमूर्तींना स्वतःच्या डोळ्यांनी बघता यावं म्हणून तो ती रजिस्टरं आणि एक भिंग घेऊनच कोर्टात गेला होता.